काळे चौकोन

दिवाळी जवळ आली की संपादकमहाशयांचा निरोप येतो आणि त्यात एक वाक्य हमखास असते : ''बाई, सणाचा अंक आहे, काही तरी खुसखुशीत लिहा.'' आता चिवडा खुसखुशीत व्हावा म्हणून पोह्यांना ऊन दाखवता येते. लेखणीला कोठले ऊन दाखवायचे? एकवीस वर्षे मराठी शिकवून माझी लेखणी आधीच थोडी सादळलेली. पण या सदराचे वाचक मोठे क्षमाशील आहेत. जात्यावरच्या ओव्यांपासून कॉलेजातल्या हजेरीपटापर्यंत मी जे जे वाढले, ते त्यांनी पानात काही न टाकता खाल्ले. तेव्हा त्याच भरवशावर यंदा एका अशा माणसाची गोष्ट सांगायला बसले आहे, की ज्याचे नाव तुमच्यापैकी शंभरांतल्या नव्व्याण्णवांनी ऐकले नसेल. पण ज्याची चित्रे तुमच्यापैकी पुष्कळांच्या भावांनी, मुलांनी आणि (आता कबूल करणार नाहीत, पण) नवऱ्यांनी भूगोलाच्या पुस्तकाआड धरून पाहिली असतील.

त्याचे नाव इयन केनेडी. गाव स्कॉटलंडमधले डंडी. पण गोष्ट सुरू करायला हवी ती पुण्यातल्या विश्रांतवाडीपासून, आणि माझ्या एका जुन्या गुन्ह्यापासून.

आमची कॉलनी लोहगावच्या विमानतळाच्या वाटेवर. लढाऊ विमान डोक्यावरून गेले की कपाटातल्या कपबशा किणकिणत. बोलणाऱ्याने वाक्य अर्धे सोडायचे, विमान जाऊ द्यायचे आणि मग क्रियापद उच्चारायचे, अशी आमच्याकडची रीतच होती. मराठीत क्रियापद वाक्याच्या शेवटी येते याचे महत्त्व मला व्याकरणाच्या कितीतरी आधी या विमानांनी शिकवले. दादा मात्र असा थांबत नसे. तो धावत गच्चीवर जाई आणि विमान दिसेनासे होईपर्यंत मान वर करून उभा राही.

त्याच्या कॉटखाली एक पत्र्याची पेटी होती. तिच्यात ती पुस्तके : तळहाताहून थोडी मोठी, कडा कुरतडलेली, जुन्या बाजारातून आणलेली. वरती लाल-पिवळ्या ज्वाळांतून झेपावणारे विमान आणि 'कमांडो' अशी अक्षरे. आत पानोपानी सैनिक, रणगाडे, चिखल आणि जर्मन शिव्या. दादाचे आणि माझे भांडण झाले की तो मला ''अख्टुंग!'' म्हणून दरडावी आणि मी आईकडे तक्रार नेई, की दादा मला इंग्रजीतून काही तरी घाणेरडे बोलला. अप्पांना त्या पुस्तकांचा मनस्वी तिटकारा. ''ही का पुस्तकं? यात वाचायचं काय असतं?'' असे ते विचारत. बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथा आपण स्वतः अंथरुणात कंदील नेऊन वाचल्या होत्या, हे ते सोयीस्करपणे विसरले होते. वडील झाले की माणसाची स्मरणशक्ती थोडी पक्षपाती होत असावी.

१९९४ साली दादाने हवाई दलात जाण्यासाठी परीक्षा दिली. लेखी परीक्षा पार पडली. मुलाखत पार पडली. घरात पेढ्यांची भाषा सुरू झाली. मग वैद्यकीय तपासणी झाली. तिच्यात ठिपक्याठिपक्यांची काही चित्रे दाखवतात. त्या ठिपक्यांत आकडा लपलेला असतो आणि तो वाचायचा असतो. दादाला त्यांतल्या काही चित्रांत नुसतेच ठिपके दिसले. हिरवा आणि तांबडा यांच्यातले अंतर त्याच्या डोळ्यांना नीट कळत नाही, हे अठराव्या वर्षी प्रथमच त्याला कळले आणि आम्हालाही. त्यात कोणाचाच दोष नव्हता. नियम योग्यच होता. पण नियम योग्य असला म्हणून मुलाचे तोंड उतरायचे थोडेच राहते?

दुसऱ्या दिवशी सकाळी अप्पा मला हळूच म्हणाले, ''ती पेटी रिकामी करून टाक. समोर दिसलं की त्याला त्रास होतो.'' दादा झोपलेला असताना मी त्रेचाळीस पुस्तके पिशवीत भरली आणि जुनी पुस्तके घेणाऱ्याकडे नेली. त्याने साठ रुपये दिले. अप्पा म्हणाले, ''राहू देत तुला.'' त्या साठ रुपयांत त्याच दुकानातून मी एक वापरलेला मराठी शब्दकोश घेतला. माझ्या मालकीचे ते पहिले मोठे पुस्तक. पुढे मराठी घेऊन एम. ए. झाले, नोकरीला लागले, तरी तो कोश अजून माझ्या टेबलावर आहे. दादाने पुस्तकांविषयी कधीच विचारले नाही. त्याने डिप्लोमा केला आणि भोसरीच्या एका कारखान्यात लागला. आता तिथे वरच्या हुद्द्यावर आहे. विमान गेले तर तो मान वर करत नाही. बोलणे चालू असेल तर इतरांसारखा थांबतो आणि विमान गेले की क्रियापद उच्चारतो.

आता डंडीला जाऊ.

टे नदी समुद्राला मिळते तिथे तिच्या उत्तर काठावर हे गाव आहे. या गावाची ख्याती तीन 'ज'वर, असे तिकडे म्हणतात : ज्यूट, जॅम आणि जर्नलिझम. पैकी पहिला 'ज' आपल्याकडचा. बंगालातला ताग जहाजांत भरून डंडीला जाई, देवमाशाच्या तेलाने मऊ होई आणि तिथल्या गिरण्यांत त्याची गोणपाटे विणली जात. पुढे कलकत्त्याच्या गिरण्यांनीच डंडीच्या गिरण्यांना मागे टाकले. तिसरा 'ज' म्हणजे डी. सी. थॉमसन नावाची प्रकाशनसंस्था. तिची वर्तमानपत्रे होतीच. पण १९३७ च्या डिसेंबरात तिने 'डँडी' आणि १९३८ च्या जुलैत 'बीनो' ही मुलांची चित्रसाप्ताहिके काढली आणि ब्रिटनमधल्या पिढ्यान्‌पिढ्यांच्या बालपणात हे गाव जाऊन बसले. डंडीच्या भर रस्त्यात आज 'डँडी'तल्या डेस्परेट डॅन या गाईच्या मांसाचा वडा खाणाऱ्या बलदंड गड्याचा पुतळा उभा आहे. चित्रातल्या पात्राला पुतळा मिळाला. चित्रकारांचे म्हणाल, तर त्या संस्थेच्या पानांवर त्यांची नावेही छापायची पद्धत नव्हती. डॅनचा चित्रकार डडली वॉटकिन्स याला सही करायची मुभा मिळाली, ती अपवाद म्हणून.

अशा गावात २२ सप्टेंबर १९३२ रोजी इयन केनेडीचा जन्म झाला. १९३९ साली महायुद्ध सुरू झाले तेव्हा तो सात वर्षांचा होत आला होता. त्याच ऑक्टोबरच्या १६ तारखेला जर्मन बॉम्बफेकी विमाने स्कॉटलंडच्या पूर्व किनाऱ्यावर फोर्थच्या खाडीतल्या युद्धनौकांवर चालून आली आणि स्पिटफायर विमानांनी त्यांचा समाचार घेतला. डंडीहून टे नदीपलीकडे पाहिले की लूकर्सचा हवाई तळ. म्हणजे त्या मुलाच्या डोक्यावर सहा वर्षे जे आकाश होते, ते विमानांनी भरलेले आकाश होते. विश्रांतवाडीच्या मुलाला हे निराळे समजावून सांगायला नको. इयनला वैमानिक व्हायचे होते. पण त्याच्या कानाला दुखणे होते. हवाई दलाचे दार त्याच्यासाठी उघडले नाही.

हे मी प्रथम वाचले तेव्हा चष्मा काढून पुसला आणि पुन्हा वाचले.

१९४९ साली, वयाच्या सतराव्या वर्षाच्या आसपास, तो डी. सी. थॉमसनच्या चित्रविभागात उमेदवार म्हणून लागला. तिथे त्याला जी अगदी आरंभीची कामे मिळाली, त्यांतले एक ऐका. त्या संस्थेच्या 'संडे पोस्ट' या वृत्तपत्रात शब्दकोडे येई. त्या कोड्यातले काळे चौकोन शाईने भरायचे. बस्स. आकाशात भरारी मारायला निघालेला मुलगा टेबलाशी बसून चौकोन काळे करू लागला.

आमच्याकडे गाणे शिकायला गेलेल्या मुलाला बुवा आधी तंबोरा पुसायला लावत, पाणी भरायला लावत. यात छळ किती आणि शिक्षण किती, हे शिष्याच्या वकुबावर ठरे. काळा चौकोन भरायचा म्हणजे तरी काय? रेघ ओलांडायची नाही, शाई फुटू द्यायची नाही, कोपरा पांढरा सोडायचा नाही. हात स्थिर झाल्याखेरीज हे जमत नाही. आणि दुसरे असे, की शब्दकोडे हे शब्दांचे असले तरी ते उभे राहते काळ्या चौकोनांवर. ते नसतील तर शब्द कोठे सुरू होतो आणि कोठे संपतो, हे कळायचे नाही. मी वर्गात अलंकार शिकवते, वृत्ते शिकवते. पण 'नाही' हा शब्द माणसाच्या आयुष्याला आकार कसा देतो, हे सांगायला मला या काळ्या चौकोनाहून चांगला दृष्टांत अजून सापडलेला नाही.

पाच-सहा वर्षे उमेदवारी केल्यावर केनेडीने पन्नाशीच्या दशकाच्या मध्यास पक्की नोकरी सोडली आणि स्वतंत्रपणे चित्रे काढायला सुरुवात केली. महिन्याच्या पगारावर संसार चालवणाऱ्या आपल्या घरांना यातले धाडस सांगायला नकोच. काम मिळू लागले ते लंडनच्या अमॅलगमेटेड प्रेसकडून. त्या काळी तिकडे 'पिक्चर लायब्ररी' नावाचा प्रकार निघाला होता. एक पुस्तक म्हणजे एक संपूर्ण गोष्ट. आकार कोटाच्या खिशात मावेल एवढा, पाने साठ-पासष्ट, पानावर दोन-तीन चित्रे, छपाई काळ्या शाईची, आणि रंग काय तो मुखपृष्ठावर. 'थ्रिलर पिक्चर लायब्ररी'त बॅटलर ब्रिटन या वैमानिक नायकाच्या कथा येत, त्या केनेडी चितारू लागला. १९६० साली 'एअर एस पिक्चर लायब्ररी' ही केवळ हवाई युद्धाची मालिका निघाली, तीही त्याच्याकडे आपसूक आली. ज्या हवाई दलाने त्याला घेतले नाही, त्या दलाची विमाने आता त्याच्या टेबलावरून उडू लागली.

विमान काढणे सोपे असते असे आपल्याला वाटते, कारण आपण सगळ्यांनी लहानपणी ते पाटीवर काढलेले असते. पण स्पिटफायरचा पंख लंबवर्तुळाकार, हरिकेनचा जाड आणि बोथट, जर्मन स्टुकाचे पंख मुडपलेले आणि तिची चाके पोटात न जाता बाहेरच लोंबणारी, हे सारे बरोबर यावे लागते. पुन्हा विमान काही भिंतीवरच्या कॅलेंडरात टांगल्यासारखे सरळ उभे नसते. ते कलते, पाठीवर होते, सूर मारते. कललेल्या विमानाचा एक पंख लांब दिसतो, दुसरा आखडतो. त्यातल्या एका रेषेची चूक झाली तर विमान आकाशातून नव्हे, कागदावरून पडते. आणि त्या चित्रांचे वाचक कोण? आठ ते चौदा वर्षांची मुले. समीक्षकाला एक वेळ फसवता येईल. पण बंदुकीची नळी एक कमी निघाली तर ज्याला रात्रभर झोप येत नाही, अशा बारा वर्षांच्या मुलाला फसवणे अशक्य. केनेडीची विमाने या परीक्षकांपुढे वर्षानुवर्षे उत्तीर्ण होत राहिली. त्याच्या चित्रांत पाहणारा जमिनीवर उभा नसतोच. तो शेजारच्या विमानात बसलेला असतो.

इकडे डंडीत थॉमसन मंडळींनीही १९६१ साली अशीच एक मालिका सुरू केली. तीच 'कमांडो'. १९७० साली केनेडीने तिच्यासाठी पहिले मुखपृष्ठ रंगवले. मग एक हिशेब सुरू झाला. पुढच्या काळात त्याने 'कमांडो'ची हजाराहून अधिक मुखपृष्ठे रंगवली. पन्नास वर्षांवर पसरून सरासरी काढली तरी दर अठरा-एक दिवसांना एक संपूर्ण रंगचित्र होते. आणि हे इतर कामे करून. कारण 'वॉरलॉर्ड' आणि 'बॅटल' या युद्धसाप्ताहिकांसाठीही तो चित्रे काढत होताच. १९७७ साली '२००० एडी' हे भविष्यकथांचे साप्ताहिक निघाले, तेव्हा पंचेचाळिशीला आलेल्या या माणसाने त्याही पोरखेळात उडी घेतली. १९८० च्या दशकात नव्याने निघालेल्या 'ईगल'मध्ये तो डॅन डेअर या अंतराळवीराची कथा काढू लागला. स्पिटफायर काढणाऱ्याला अवकाशयान जड गेले नाही. कारण त्याचे यानही, यंत्र कसे चालते हे ठाऊक असलेल्या माणसाने काढलेले असे.

मग दिवस पालटले. मुले दूरदर्शनकडे वळली, पुढे संगणकाच्या खेळांकडे. १९८६ साली 'वॉरलॉर्ड' बंद पडले, १९८८ साली 'बॅटल' 'ईगल'मध्ये विलीन झाले, १९९४ साली 'ईगल'ही मिटले. 'कमांडो' तेवढे तगले. आणि केनेडी वयाची ऐंशी वर्षे उलटल्यावरही त्याची मुखपृष्ठे रंगवीत होता. ५ फेब्रुवारी २०२२ रोजी, ८९ व्या वर्षी, तो वारला.

वारला तेव्हा कुठे मला त्याचे नाव कळले! माझ्या भाच्याने, म्हणजे दादाच्या मुलाने, मोबाइलवर ती बातमी दाखवली. ''आत्या, हा बघ. '२००० एडी'वाला गेला.'' बातमीखाली चित्रे होती. एका चित्राशी माझा हात थबकला. ते त्या पेटीतल्या एखाद्या पुस्तकाचे होते का, हे मी शपथेवर सांगू शकणार नाही. पण तो कलता पंख, त्या ज्वाळा, वैमानिकाच्या मानेभोवतीचा तो रुमाल मी पिशवीत भरला होता, यात मला शंका वाटेना.

दिवाळी अंकाच्या वाचकांना मुखपृष्ठाच्या चित्रकाराचे मोल सांगायला नको. दीनानाथ दलालांनी १९४५ साली 'दीपावली' सुरू केला, आणि त्यांच्या चित्राखालची ती सही घरोघरी ओळखीची झाली. आत कोणाची कथा आहे हे पाहण्याआधी वर कोणाचे चित्र आहे हे पाहणारी माणसे आपल्याकडे होती. तो मान केनेडीच्या वाट्याला फार उशिरा आला. जुन्या 'कमांडो'त ना लेखकाचे नाव, ना चित्रकाराचे. मुलांना हात ओळखू येई, नाव नाही. २०११ साली लंडनच्या नॅशनल आर्मी म्युझियमने 'कमांडो'च्या चित्रांचे प्रदर्शन भरवले, तेव्हा ज्या चित्रांची जागा आयांच्या मते रद्दीत होती, ती चौकटीत बसून भिंतीवर लागली. त्या आयांत मी माझीही गणना करते. आई नसताना, चौदाव्या वर्षीच.

त्या पुस्तकांविषयी माझ्या तक्रारी नाहीत असे मात्र नव्हे. युद्ध म्हणजे शौर्याची जत्रा, असे त्या वयात मनावर ठसते. शिवाय त्या महायुद्धात पंचवीस लाख हिंदी सैनिक होते. पण त्या चित्रांत त्यांना शोधायचे तर भिंग घ्यावे लागते. इटलीत १९४४ च्या जुलैत एकट्याने शत्रूच्या मशीनगनवर चाल करून जाणारा आणि तिथेच देह ठेवणारा रायगड जिल्ह्यातला यशवंत घाडगे हा मराठा पलटणीचा नाईक. त्याला व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्याची गोष्ट दादाच्या पेटीत नव्हती. आपल्या पोरांची गोष्ट आपणच चितारायला हवी होती. डंडीच्या माणसाने डंडीच्या आकाशात जे पाहिले ते काढले, याबद्दल त्याला बोल लावण्यात अर्थ नाही.

पण माझ्या मनात घोळत होते ते वेगळेच. दुधाची तहान ताकावर भागवणे, असे आपण म्हणतो. केनेडीने ताक प्यायले का? सत्तर वर्षे प्यायलेले ताक, ते ताक म्हणायचे तरी कसे? वैमानिक झाला असता तर काही वर्षे उडाला असता, मग निवृत्त झाला असता. आता तो हजारो मुलांच्या डोक्यावरून उडाला. हे खरे. पण हे वाक्य लिहिताना माझी लेखणी अडखळते. कारण प्रत्येकाला चित्रकला येत नाही. ज्यांना 'नाही' ऐकावे लागले आणि ज्यांच्या हाती कुंचला नव्हता, त्यांनी काय करायचे? त्यांच्या चौकोनांभोवती शब्द कोणी लिहायचे? आणि एखाद्याची पत्र्याची पेटीच कोणी रिकामी केली असेल तर?

गेल्या भाऊबीजेला आम्ही सारे आईकडे जमलो होतो, त्याच जुन्या घरी. अप्पा आता नाहीत. दादाला ओवाळले, त्याने तबकात ओवाळणी टाकली, आणि मी रीत मोडून त्याच्यापुढे एक पुडके ठेवले. भाच्याच्या मदतीने जुन्या पुस्तकांच्या बाजारातून मिळवलेली दोन पुस्तके. एक 'कमांडो', केनेडीच्या मुखपृष्ठाचे. आणि एक जुने 'एअर एस'. मग मी एका दमात सगळे सांगून टाकले. साठ रुपये, शब्दकोश, सगळे. वहिनी पाहतच राहिल्या. एकतीस वर्षांचा ऐवज होता, लहानसहान नव्हे.

दादाने शांतपणे चकली मोडली. म्हणाला, ''ठाऊक आहे मला. तुझ्या शब्दकोशावर त्या दुकानाचा शिक्का होता. मी सगळी पुस्तकं तिथूनच तर आणायचो.''

''मग कधी बोलला का नाहीस?''

''तू 'क' पासून पाठ करायला बसली होतीस. काय बोलणार?''

मी त्याला केनेडीची हकीकत सांगितली. लूकर्स सांगितले, कान सांगितला. काळे चौकोन सांगितले तेव्हा तो एकदम हसला. मग त्याने 'कमांडो' हातात घेऊन मुखपृष्ठ न्याहाळले. ''छान असणार,'' तो म्हणाला. ''तुम्ही सगळे म्हणता तर छानच असणार. मला यातला हिरवा नि तपकिरी एकच.'' ते बाजूला ठेवून त्याने दुसरे पुस्तक उघडले. आतली पाने पिवळी पडलेली, चित्रे काळ्या शाईची. त्याने चष्मा कपाळावर चढवला आणि पान डोळ्यांजवळ नेले.

''हे बघ. स्टुका. चाकं बाहेर. हा हरिकेन, शेपटीकडचा भाग कापडाचा, म्हणून त्या पट्ट्या काढल्यात. अगदी बरोबर.'' पान उलटत तो म्हणाला, ''आतली पानं काळी-पांढरीच असायची ना. म्हणून तर मला आवडायची. तिथे मी कधी नापास झालो नाही.''

कोणी काही बोलले नाही. आईने उगाच त्याच्या ताटात आणखी एक करंजी वाढली. तेवढ्यात कपबशा किणकिणल्या. सवयीने आम्ही सारे थांबलो. दादाने मान वर केली नाही. तो पुस्तकातच पाहत होता.

''सुखोई,'' तो म्हणाला. ''दोन आहेत. दुसरं जरा मागे आहे.''

आणि कपबशा पुन्हा एकदा किणकिणल्या.

इतकी वर्षे मला वाटत होते, दादाने विमानांचा नाद सोडला.